जिप्सी रोझ ली सिनेमात अपयशी ठरली का?

प्रश्न असा आहे: “जिप्सी रोझ ली ही अमेरिकेतली सगळ्यात गाजलेली बर्लेस्क कलाकार होती म्हणतात. पण तिच्या चित्रपटांची यादी पाहिली तर जवळपास सगळ्या दुय्यम भूमिका, आणि सुरुवातीचे पाच चित्रपट तर भलत्याच नावाने. तिला अभिनय येत नव्हता की हॉलिवूडने तिला वाया घालवलं?”

अभिनय तिला बेताचाच येत होता आणि हॉलिवूडने तिला वाया घालवलं, ही दोन्ही विधानं मला मान्य आहेत. तरीही चित्रपटांची यादी हातात घेऊन या बाईची कारकीर्द मोजायला बसलात तर हिशेब चुकणार. बरीच वर्षं मी अभिनयाचे आणि चित्रपटरसास्वादाचे वर्ग घेते आहे, आणि विद्यार्थ्यांची ही खोड काही केल्या जात नाही: नटीचे सिनेमे पाहिले की नटी कळली. सिनेमाची रिळं राहतात, याद्या राहतात. रंगमंचावरचा खेळ रात्री संपला की संपला. जिप्सीचा धंदा रंगमंचावरचा होता आणि सिनेमा हा तिचा जोडधंदा, तोही अधूनमधून केलेला.

आधी बर्लेस्कबद्दल थोडं, कारण तिथेच बरेच गैरसमज असतात. १९३०च्या आसपासचा अमेरिकन बर्लेस्कचा खेळ म्हणजे नुसतं कपडे उतरवणं नव्हे. कोरसच्या मुलींचा नाच, ढगळ विजारी घातलेले विनोदवीर, त्यांच्या चावट जोडगोळ्या, मध्येच एखादा गायक, आणि या सगळ्यात पेरलेले स्ट्रिपटीजचे तुकडे. दिवसाला कितीतरी खेळ, तिकीट ब्रॉडवेच्या मानाने स्वस्त. सोंगाड्या आणि मावशीची बतावणी पाहिलेल्या माणसाला त्यातला विनोद परका वाटणार नाही. पण तुलना तेवढ्यावरच थांबवावी. लावणी करणारी नऊवारीत नखशिखांत झाकलेली असते. ‘लावणी म्हणजे आपलं बर्लेस्क’ असं कोणी लिहिलं की मला वाचवत नाही.

१९२९नंतरच्या मंदीत न्यूयॉर्कची बडी नाट्यगृहं ओस पडली. त्यांतलं ४२व्या रस्त्यावरचं रिपब्लिक थिएटर बर्लेस्कचे खेळ चालवणाऱ्या मिन्स्की बंधूंनी १९३१मध्ये ताब्यात घेतलं आणि बर्लेस्क एकदम ब्रॉडवेच्या दारात आलं. जिप्सी तिथे आली ती त्याच वर्षी. तीच वास्तू आज न्यू व्हिक्टरी या नावाने उभी आहे आणि तिथे मुलांची नाटकं होतात.

तिचं खरं नाव रोझ लुईस हॉविक. जन्म सिॲटलचा, साल बहुधा १९११. ‘बहुधा’ म्हणायचं कारण तिची आई. रोझ हॉविकने दोन्ही मुलींच्या वयाचे दाखले गरजेप्रमाणे बदलले: बालकामगार कायद्याचा अधिकारी समोर आला की मुली मोठ्या, रेल्वेचं तिकीट काढताना लहान. व्होडव्हिलच्या, म्हणजे नाच-गाणी-विनोदाच्या घरगुती करमणुकीच्या, फिरत्या खेळांत धाकटी जून ही ‘डेंटी जून’ म्हणून मुख्य आकर्षण होती आणि थोरली लुईस मागच्या रांगेत, बऱ्याचदा मुलाच्या वेशात. १९२८च्या अखेरीस जूनने खेळातल्याच एका नाचणाऱ्या मुलाशी पळून जाऊन लग्न केलं. आईने मग लुईसला पुढे आणून नवा संच उभा केला, पण बोलपट आले होते आणि व्होडव्हिल मरणपंथाला लागलं होतं. काम मिळत होतं ते बर्लेस्कच्या थिएटरांत. पहिल्यांदा कपडे कसे उतरवले याच्या तिने आयुष्यभर वेगवेगळ्या कथा सांगितल्या. त्यातली कुठलीही शपथेवर घेऊ नये. एवढं नक्की की तिला गाता येत नव्हतं, नाच जेमतेम होता, आणि ते तिला स्वतःला पक्कं ठाऊक होतं.

आता तिची कला. इथे थोडं थांबायला हवं, कारण पुढचं सगळं यावर आहे. मिन्स्कीकडे तिच्यापेक्षा देखण्या आणि अंगाने चपळ मुली होत्या. जिप्सीने त्यांच्याशी त्या बाबतीत स्पर्धाच केली नाही. ती बोलायची. मोठी टोपी, लांब घागरा, हातमोजे असा एखाद्या घरंदाज बाईचा थाट, उच्चारही मुद्दाम उच्चभ्रू, आणि त्या थाटात अगदी सावकाश एक मोजा, एक पट्टी. हुक किंवा बटणांऐवजी ती कपडे टाचण्यांनी जोडायची, आणि काढलेली प्रत्येक टाचणी वादकांमधल्या ट्युबा या मोठ्या पितळी वाद्याच्या तोंडात टाकायची. टण्ण असा आवाज आला की प्रेक्षक हसायचे. संध्याकाळभरात ती दाखवायची फारच थोडं. १९३६च्या झिगफेल्ड फॉलीज या ब्रॉडवेवरच्या झगमगीत खेळाच्या दुसऱ्या आवृत्तीत, फॅनी ब्राइससारख्या कसलेल्या विनोदी नटीबरोबर काम करताना, हेच तिने एका स्वगताच्या रूपात पक्कं केलं: कपडे उतरवणारी बाई त्या वेळी मनात काय विचार करत असते? तर चित्रकला, वाङ्मय, तत्त्वज्ञान. तोंडाने हे चालू आणि हाताने ते.

यात काय कौशल्य आहे हे अभिनय शिकणाऱ्यांनी नीट पाहावं. वाक्य कुठे तोडायचं हे ती समोरच्या हशावरून ठरवायची. हशा लांबला तर हात थांबणार, विरायला लागला तर पुढची टाचणी. एखादा माणूस ओरडला तर त्याला उत्तर. म्हणजे खेळाची लय अर्धी तिच्या हातात, अर्धी प्रेक्षागृहात. सिनेमात लय संकलकाच्या हातात असते, आणि हसणारा प्रेक्षक शूटिंगच्या वेळी तिथे नसतोच. त्यावर सेन्सॉर. तिच्याकडे विकायला जे होतं त्यातलं जवळजवळ काहीच कॅमेऱ्यासमोर चालणारं नव्हतं.

तरी १९३७मध्ये ट्वेन्टिएथ सेंच्युरी फॉक्सने तिच्याशी करार केला. ते साल लक्षात ठेवा, कारण त्याच वसंतात न्यूयॉर्कचे महापौर ला गार्डिया यांच्या प्रशासनाने बर्लेस्क थिएटरांचे परवाने नव्याने द्यायला नकार दिला. परवाना आयुक्त पॉल मॉस यांनी दारं बंद केली, आणि पुढे काही ठिकाणी खेळ सुरू झाले तेही दर्शनी पाटीवर ‘बर्लेस्क’ आणि ‘मिन्स्की’ हे दोन शब्द न लिहिण्याच्या अटीवर. २००५मध्ये महाराष्ट्रात डान्स बारवर आलेली बंदी आणि त्यानंतर थेट सर्वोच्च न्यायालयापर्यंत गेलेला वाद ज्यांना आठवतो, त्यांना या कारवाईची भाषा ओळखीची वाटेल: शहराची नैतिकता, सभ्य वस्ती, आणि कामावरून गेलेल्या बायकांबद्दल कोणी चकार शब्द काढत नाही. जिप्सीला पुढे जायला जागा होती. कोरसमधल्या मुलींना नव्हती.

हॉलिवूडमध्ये काय झालं? स्टुडिओने तिला घेतलं ते तिच्या नावासाठी. बातमी फुटताच धार्मिक आणि नीतिरक्षक संघटनांनी निषेधाची पत्रं पाठवली. चित्रपटांची आचारसंहिता १९३४पासून कडक राबवली जात होती आणि ती राबवणारी कचेरी, हेज ऑफिस, नाराज झाली तर चित्रपट अडकण्याची भीती होती. मग तोडगा निघाला: जिप्सी रोझ ली हे नाव पडद्यावर येणार नाही, ती ‘लुईस हॉविक’ म्हणून झळकेल. ज्या नावाचे पैसे मोजले तेच नाव कापून टाकलं! १९३७ आणि १९३८ या दोन वर्षांत पाच चित्रपट झाले. ‘यू कान्ट हॅव एव्हरीथिंग’मध्ये नायिका ॲलिस फे, नायक डॉन अमिची, आणि जिप्सी नायकावर हक्क सांगणारी बाई. ‘अली बाबा गोज टु टाउन’मध्ये एडी कँटरच्या विनोदाला सुलतानाची बेगम. ‘सॅली, आयरीन अँड मेरी’, ‘बॅटल ऑफ ब्रॉडवे’ आणि सोन्या हेनीचा ‘माय लकी स्टार’ या बाकीच्या तिघांतही ती कडेलाच. अंगभर झाकलेली, तोंडी चारदोन तिरकस वाक्यं असलेली ‘दुसरी बाई’.

या पाच चित्रपटांत ती वाईट आहे का? माझ्या मते ती अवघडलेली आहे. वाक्य टाकून ती किंचित थांबते. हशाची वाट पाहण्याची ही रंगमंचावरची सवय, आणि पडद्यावर त्या थांबण्याचं काही होत नाही. उंच बांधा, भारदस्त चेहरा, त्यामुळे नायिकेच्या शेजारी ती नेहमीच जरा मोठी, जरा जास्त अनुभवी दिसते. सहअभिनेत्रीच्या साच्यात असा चेहरा आपोआप खलनायिकेकडे ढकलला जातो.

याच बर्लेस्कमधून पुरुषही हॉलिवूडला गेले आणि त्यांचं काय झालं ते शेजारी ठेवून पाहा. ॲबट आणि कॉस्टेलो, फिल सिल्व्हर्स, बर्ट लार, रेड स्केल्टन: सगळे या ना त्या टप्प्यावर बर्लेस्कच्या रंगमंचावर घासून निघालेले. त्यांची नावं कोणी बदलली नाहीत. ॲबट-कॉस्टेलोची बेसबॉलच्या खेळाडूंच्या नावांवरची ती प्रसिद्ध जुगलबंदी जवळजवळ जशीच्या तशी पडद्यावर आली. एकाच खेळातले दोन भाग, एक उचलून सिनेमात बसवता आला, दुसरा नाही. बर्लेस्कमधून आलेली नटी दुय्यम भूमिकांत का अडकते, याचं माझ्या लेखी हे सगळ्यात मोठं कारण आहे. विनोदवीर आपली पथारी घेऊन आले. बायकांना आपली पथारी बाहेर ठेवून यावं लागलं.

१९३८नंतर ती फॉक्समधून बाहेर पडली आणि रंगमंचावर परतली. इथून पुढचं दशक तिचं खरं दशक. १९४०मध्ये न्यूयॉर्कच्या जागतिक प्रदर्शनात निर्माता माइक टॉडच्या खेळात ती होती. त्याच वर्षी ब्रुकलिनमध्ये मिडाग स्ट्रीटवरच्या एका घरात ती काही काळ राहिली. तिथले इतर रहिवासी म्हणजे कवी ऑडन, लेखिका कार्सन मॅकलर्स, संगीतकार बेंजामिन ब्रिटन. आणि त्याच वर्षाच्या नाताळात ब्रॉडवेवर ‘पॅल जोई’ आलं, ज्यात तिच्या त्या विचारमग्न स्ट्रिपटीजची टर उडवणारं एक गाणं होतं, आणि त्याच नाटकात तिची बहीण जून हॅवॉक एक भूमिका करत होती. विडंबन होण्याइतकी ओळख सिनेमाने तिला कधी दिली नव्हती. (जूनही पुढे सिनेमातच सहअभिनेत्री झाली, १९४७च्या ‘जंटलमन्स ॲग्रीमेंट’मध्ये ती दिसते. बहिणींमध्ये अभिनय तिचा सरस होता.)

१९४१मध्ये जिप्सीची रहस्यकादंबरी ‘द जी-स्ट्रिंग मर्डर्स’ आली आणि खूप खपली. बर्लेस्क थिएटरच्या रंगपटात खून, आणि कथा सांगणारी स्वतः जिप्सी. ही तिने लिहिलीच नाही अशी कुजबुज वर्षानुवर्षं चालली. कपडे उतरवणाऱ्या बाईला लिहिता येतं हे पचायला जड गेलं असावं. १९४३मध्ये त्यावर ‘लेडी ऑफ बर्लेस्क’ हा चित्रपट निघाला. दिग्दर्शक विल्यम वेलमन, नायिका बार्बरा स्टॅनविक. कादंबरी जिप्सीची, जग जिप्सीचं, पडद्यावर दुसरीच. स्टॅनविक त्यात उत्तम आहे, तिच्याबद्दल तक्रार नाही. शिवाय त्या दिवसांत जिप्सी ‘स्टार अँड गार्टर’ या माइक टॉडच्या खेळात गुंतली होती, आणि १९४२च्या उन्हाळ्यात सुरू झालेला हा खेळ ब्रॉडवेवर वर्षाहून जास्त काळ चालला. सिनेमातल्या भूमिकेसाठी तिने तो सोडायला हवा होता असं मला मुळीच वाटत नाही.

तिने ‘द नेकेड जीनियस’ नावाचं नाटकही लिहिलं. १९४३मध्ये ते जेमतेम महिनाभर चाललं. पण फॉक्सने त्यावर १९४६मध्ये ‘डॉल फेस’ काढला आणि मूळ लेखिका म्हणून नाव दिलं लुईस हॉविक. नऊ वर्षांनी पुन्हा तेच!

स्वतःच्या नावाने ती पडद्यावर आली १९४३च्या ‘स्टेज डोअर कँटीन’मध्ये, युद्धावर निघालेल्या सैनिकांचं मनोरंजन करणारी ती स्वतः. त्यात तिचं ते स्वगत आहे, सेन्सॉरला चालेल इतकं सौम्य केलेलं. १९४४च्या ‘बेल ऑफ द युकॉन’मध्ये रँडॉल्फ स्कॉटसमोर तिला नायिकेच्या बरोबरीची जागा मिळाली. तेवढीच. आठ वर्षांनी ‘बेब्ज इन बगदाद’ आला, त्याबद्दल न बोललेलं बरं.

मधल्या काळात ती काय करत होती? १९४९मध्ये रॉयल अमेरिकन शोज या प्रचंड फिरत्या जत्रेबरोबर स्वतःचा तंबू घेऊन ती गावोगाव हिंडली. चाळिशीच्या उंबरठ्यावरची, पुस्तकं लिहिलेली, ब्रॉडवे गाजवलेली बाई धुळीच्या मैदानात दिवसाला कितीतरी खेळ करत होती, आणि त्यात तिला कमीपणा वाटल्याचं कुठे दिसत नाही. पैसा चांगला होता. १९५०मध्ये कम्युनिस्टांशी संबंध असल्याचा संशय घेतलेल्या कलाकारांची ‘रेड चॅनल्स’ ही पुस्तिका निघाली, त्यात तिचं नाव आलं. स्पेनच्या यादवी युद्धात प्रजासत्ताकाच्या बाजूने निधी जमवणाऱ्यांत ती होती. एबीसी रेडिओने तिला कार्यक्रमातून काढायला नकार दिला, आणि त्या काळात हे मोठंच धाडस होतं. अनेक नटनट्यांचं काम त्या पुस्तिकेने कायमचं थांबलं.

सिनेमातलं तिचं चांगलं काम येतं ते पन्नाशीकडे झुकल्यावर, आणि याकडे फारसं कोणी लक्ष देत नाही. १९५८च्या ‘स्क्रीमिंग मिमी’मध्ये अनिता एकबर्ग नाचणारी आणि जिप्सी त्या नाइटक्लबची मालकीण. त्याच वर्षी निकोलस रे यांच्या ‘विंड ॲक्रॉस द एव्हरग्लेड्स’मध्ये ती कुंटणखाना चालवणारी बाई. १९६३च्या ‘द स्ट्रिपर’मध्ये स्ट्रिपटीज करते जोॲन वुडवर्ड, आणि जिप्सी तिची वरिष्ठ, मादाम ओल्गा. शीर्षकातला व्यवसाय जिच्या नावाशी कायमचा जोडला गेला ती बाजूला उभी, आणि तो पडद्यावर करते ऑस्कर मिळवलेली अभिनेत्री. पण या भूमिकांत तिचं अवघडलेपण गेलेलं आहे. आता हशाची वाट पाहावी लागत नाही. ती सरळ समोरच्या पात्राकडे पाहते आणि वाक्य टाकून मोकळी होते. सगळं पाहून झालेली, हिशेबाला चोख, पोरींना सांभाळणारी आणि वापरणारीही बाई तिला शिकावी लागली नाही. असं काम तिला आणखी दहा चित्रपटांत मिळायला हवं होतं.

या सगळ्याच्या मध्ये आली १९५७ची आत्मकथा. आई १९५४मध्ये वारली, त्यानंतरच ती लिहून झाली, हा योगायोग नव्हे. १९५९मध्ये त्यावर ‘जिप्सी’ हे संगीत नाटक आलं, जूल स्टाइनचं संगीत, तरुण स्टीफन सॉन्डहाइमची गीतं, आईच्या भूमिकेत एथेल मर्मन. अमेरिकन संगीत रंगभूमीवरचं हे एक श्रेष्ठ नाटक मानलं जातं आणि आजही त्याचे नवे प्रयोग होतात. गंमत अशी की त्यातली मध्यवर्ती व्यक्ती आई आहे. स्वतःच्या नावाच्या नाटकातही जिप्सी एका अर्थाने दुय्यम भूमिकेत! त्याबद्दल तिने तक्रार केली नाही, मानधन घेतलं.

बर्लेस्कमधल्या इतर बायकांचं थोडक्यात सांगते. सॅली रँडचा प्रवास उलटा झाला: मूकपटांत होतकरू नटी, मग बोलपट आल्यावर काम आटलं, आणि १९३३च्या शिकागो प्रदर्शनात पिसांच्या पंख्यांचा नाच करून ती देशभर गाजली. ॲन कोरिओला अगदी कमी पैशांत काढलेल्या जंगलपटांत नायिकेची कामं मिळाली; तिने खरं नाव मिळवलं ते १९६०च्या दशकात, बर्लेस्कच्या आठवणींवरचा स्वतःचा खेळ काढून. लिली सेंट सिरला ‘सन ऑफ सिंदबाद’सारख्या चित्रपटांत तुकडे मिळाले. तिघींचं पोट चाललं ते रंगमंचावर.

१९६५ ते १९६८ या काळात जिप्सीने सॅन फ्रान्सिस्कोहून टीव्हीवर गप्पांचा कार्यक्रम केला आणि त्यात ती एकदम घरच्यासारखी वावरली. समोर माणूस, हातात वेळ, बोलण्यावर भर: मिन्स्कीकडे केलं तेच, कपडे जागेवर ठेवून. १९६९मध्ये ती व्हिएतनाममधल्या सैनिकांना भेटायला गेली. २६ एप्रिल १९७० रोजी फुप्फुसाच्या कर्करोगाने लॉस एंजेलिसमध्ये तिचं निधन झालं.

आता पाहायचं काय? ‘लुईस हॉविक’चे पाच चित्रपट अभ्यासाशिवाय पाहू नयेत, वेळ जाईल. ‘स्टेज डोअर कँटीन’ स्वामित्वहक्काबाहेर गेलेला असल्याने इंटरनेटवर सहज मिळतो. त्यातला तिचा तुकडा दोनदा पाहा, एकदा तिच्याकडे बघत आणि एकदा हसणाऱ्या सैनिकांच्या चेहऱ्यांची दृश्यं कुठे जोडली आहेत ते बघत. ‘लेडी ऑफ बर्लेस्क’ही तसाच मिळतो, त्यातली रंगपटाची दृश्यं कादंबरी वाचून पाहिली तर जास्त कळतात. शेवटी १९६६चा ‘द ट्रबल विथ एंजल्स’, आयडा लुपिनोचं दिग्दर्शन. कॉन्व्हेंटच्या मुलींना डौलदार हालचाली शिकवायला आलेल्या बाईंच्या छोट्याशा भूमिकेत जिप्सी आहे, आणि तिला कामावर ठेवणारी मदर सुपीरियर आहे रोझलिंड रसेल, जिने चारच वर्षांपूर्वी ‘जिप्सी’ या चित्रपटात तिची आई रंगवली होती.